तुर्की सिनेमाचा आवाज टेबलावर घडला : संकलक आणि साउंडच्या माणसाचं करिअर

प्रश्न थोडक्यात असा आहे. तुर्की सिनेमात संकलक किंवा साउंडचा माणूस म्हणून करिअर कसं घडतं? ही दोन्ही कामं तिथे एकच जण करतो का? आणि आपल्याकडे संकलन शिकलेल्याला त्यातलं काय उपयोगी पडेल?

दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण बाकीचं त्यातूनच उलगडतं. कागदोपत्री हे दोन वेगळे पेशे आहेत. संकलनाला तिथे ‘कुर्गू’ म्हणतात आणि संकलकाला ‘कुर्गुजू’. साउंडवाला म्हणजे ‘सेस्ची’. पण तुर्की सिनेमाचा आवाज कित्येक दशकं सेटवर मुद्रित होतच नव्हता. चित्र मुकं चित्रित व्हायचं, संकलकाच्या टेबलावर कापलं जायचं आणि मग त्यावर आवाज चढायचा. त्यामुळे साउंडची जाण नसलेला संकलक तिथे फार टिकला नाही, आजही टिकत नाही.

तुर्कस्तानचा पहिला बोलपट मुहसिन एर्तुरुल यांचा, १९३१ चा ‘इस्तंबूल सोकाक्लारिंदा’. म्हणजे आपल्या ‘आलम आरा’चंच वर्ष. त्याचं ध्वनीचं काम मात्र पॅरिसमध्ये झालं, कारण इस्तंबूलमध्ये तशी सोय नव्हती. पुढे स्टुडिओ उभा राहिला, पण तो मोजक्या लोकांच्या हातात. १९४३ मध्ये फारुक केन्च यांनी ‘देर्तली पिनार’ मुका चित्रित करून नंतर डब केला आणि सगळ्यांना वाट सापडली. साउंडप्रूफ फ्लोअर नको, कॅमेऱ्याची घरघर लपवायला नको, रस्त्यावर कुठेही शूटिंग करा. १९४८ मध्ये देशी चित्रपटांवरचा करमणूक कर विदेशी चित्रपटांपेक्षा बराच कमी झाला, तेव्हा निर्माते धडाधड पुढे आले. इस्तंबूलच्या बेयोलू भागातल्या येशिलचाम गल्लीत त्यांची कार्यालयं होती, म्हणून त्या सगळ्या धंद्यालाच येशिलचाम हे नाव पडलं. १९७२ च्या सुमारास वर्षाला जवळपास ३०० चित्रपट निघत होते. एवढा माल सिंक साउंडवर, म्हणजे शूटिंगच्या वेळीच आवाज मुद्रित करून, निघूच शकला नसता.

त्या काळचा सेट डोळ्यांसमोर आणा. कॅमेऱ्यामागे उभा राहून प्रॉम्प्टर वाक्य मोठ्यानं वाचतोय, नट ते ऐकून ओठ हलवतोय, दिग्दर्शक चालू शॉटमध्ये ओरडून सूचना देतोय. कुणाचंच काही बिघडत नाही, कारण आवाज घेतलाच जात नाहीये. कच्ची फिल्म आयात व्हायची आणि महाग असायची, म्हणून रीटेक कमी. संकलकापुढे येणारा माल मोजका आणि मुका. प्रत्येक वाक्याआधी नट प्रॉम्प्टरचं ऐकतानाचा एक रिकामा क्षण असायचा. तो नेमका कुठून कुठपर्यंत काढायचा, हे ओठ आणि डोळे बघून ठरवायचं. जास्त कापलं तर माणूस समोरच्याचं ऐकून न घेताच बोलल्यासारखा वाटतो. कमी कापलं तर मठ्ठ वाटतो.

हे एकदा कापलं की डबिंग कलाकाराचे हात बांधले गेले. शॉट ४२ फ्रेमचा असेल तर त्याच्याकडे पावणेदोन सेकंद आहेत, त्यात सात-आठ अक्षरं बसतील. वाक्य लांब असेल तर शब्द बदलायचे, पण प, ब, म हे ओठ मिटणारे वर्ण दिसतात तिथे तसेच वर्ण आले पाहिजेत. बाकी अक्षरं दोन-तीन फ्रेम इकडेतिकडे झाली तरी डोळा माफ करतो, मिटलेले ओठ मात्र माफ करत नाही. आवाज बहुधा रंगभूमीवरच्या नटांचे असत. अदालेत जिमजोझ यांनी तर इतक्या नायिकांना आवाज दिला की पडद्यावर चेहरा बदलायचा आणि आवाज तोच राहायचा. पावलं, दारं, कपबशा हे सगळं स्टुडिओत हातानं व्हायचं आणि शेवटी एकाच मोनो ट्रॅकवर उतरायचं. मुंबईत पायलट ट्रॅक, म्हणजे शूटिंगच्या वेळी फक्त संदर्भासाठी घेतलेला आवाज, ऐकून डबिंग करणाऱ्यांना यातलं बरंचसं ओळखीचं वाटेल. फरक इतकाच की तिथे बहुतेकदा धड पायलटही नसायचा.

संकलक चित्रपट किती पेलू शकतो याचं टोकाचं उदाहरण म्हणजे ‘योल’. दिग्दर्शक यिलमाझ ग्युनेय तुरुंगात होते. त्यांनी पटकथा लिहिली आणि सेटवरचं दिग्दर्शन शेरीफ ग्योरेन यांनी केलं. १९८१ मध्ये ग्युनेय देशाबाहेर निसटले, आणि स्वतः न चित्रित केलेला तो माल त्यांनी एलिझाबेथ वेल्ची यांच्याबरोबर युरोपात बसून संकलित केला. १९८२ मध्ये कान महोत्सवात त्याला ‘मिसिंग’ या चित्रपटाबरोबर विभागून पाम द’ओर हा तिथला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. तुर्कस्तानात तो १९९९ पर्यंत दाखवता आला नाही.

आता आजच्या कामाकडे येतो. तिथे दोन वेगळी जगं आहेत, आणि बहुतेकांचा पगार एका जगातून येतो तर नाव दुसऱ्या जगात होतं.

नावाचं जग म्हणजे महोत्सवांचा सिनेमा. इथे दिग्दर्शक स्वतः टेबलावर बसतो. नुरी बिल्गे जेयलान यांच्या चित्रपटांवर संकलक म्हणून त्यांचंही नाव असतं. ‘उझाक’वर त्यांच्याबरोबर आय्हान एर्ग्युर्सेल होते, तर २०१४ मध्ये पाम द’ओर जिंकणाऱ्या १९६ मिनिटांच्या ‘किश उय्कुसू’वर बोरा ग्योक्शिन्ग्योल. एर्ग्युर्सेल हेच सेमिह काप्लानोलू यांच्या ‘बाल’वरही आहेत, ज्याला २०१० मध्ये बर्लिनचं गोल्डन बेअर मिळालं. करिअर असं दोन-चार दिग्दर्शकांभोवती उभं राहतं, जाहिरात देऊन माणूस कुणी घेत नाही. अंतल्या आणि अदाना इथल्या महोत्सवांत संकलनाला स्वतंत्र पुरस्कार आहे. त्यातून पैसा फार येत नाही, पण पुढचा दिग्दर्शक फोन करतो.

या चित्रपटांना ‘संथ’ म्हणून मोकळं होणाऱ्यांनी त्यांचा आवाज नीट ऐकलेला नसतो. ‘बाल’मध्ये पार्श्वसंगीत नाही. त्यातला मुलगा वडिलांशी कुजबुजत बोलतो आणि भोवती रिझे भागातलं दाट जंगल आहे. कुजबुज मुद्रित करायची तर प्रीअँपचा (माइकचा क्षीण सिग्नल वाढवणाऱ्या यंत्राचा) गेन खूप वाढवावा लागतो, आणि गेन वाढला की पानांची सळसळ व प्रीअँपची स्वतःची सूं सूं, दोन्ही वर येतात. अशा दृश्यात प्रत्येक कटला पार्श्वभूमीचा पोत बदलला की प्रेक्षकाला एरवी लक्षात न येणारा कटसुद्धा जाणवतो. उपाय कंटाळवाणा आहे. प्रत्येक मांडणीनंतर, प्रत्येक माइकवरून, किमान ६० सेकंद नुसती शांतता घ्यायची. २० सेकंदांचा तुकडा गोल फिरवला तर त्यातला एखादा पक्षी दर वीस सेकंदांनी त्याच ठेक्यात ओरडतो आणि लक्ष वेधतो. संगीत असतं तेव्हा ते असे खड्डे बुजवतं. ते नसलं की रूम टोन, म्हणजे जागेची ही मुद्रित शांतता, हाच सिमेंट.

पगाराचं जग म्हणजे मालिका, तिथल्या भाषेत ‘दिझी’. भाग आठवड्याला एकच, पण तो साधारण १२० ते १५० मिनिटांचा. म्हणजे दर आठवड्याला एक पूर्ण चित्रपट. जाहिरातींना तासाच्या २० टक्क्यांची कायदेशीर मर्यादा आहे, त्यामुळे जास्त जाहिराती दाखवायच्या तर कार्यक्रमच लांबवावा लागतो, आणि वाहिन्यांनी तेच केलं. दोन युनिटं एकाच वेळी शूट करतात आणि माल रोज येतो. असिस्टंट तो सिंक करून दृश्यवार लावतो, दोन-तीन संकलक दृश्यं वाटून घेतात, मुख्य संकलक भाग जोडतो. शेवटचा रील मिक्समध्ये असताना पहिल्या रीलचं प्रसारण सुरू होण्याच्या बेताला आलेलं असतं.

या हातघाईत टिकायचं रहस्य म्हणजे शिस्त. वेग त्यातूनच येतो. टाइमलाइनवर ट्रॅकची जागा सगळ्यांसाठी एकच हवी: बूम (दांडीवरचा माइक) अमुक ट्रॅकवर, लेपल (कपड्यावर लावलेला माइक) तमुकवर, संगीत शेवटच्या दोनवर. एका संकलकानं स्वतःची पद्धत चालवली की मिक्स इंजिनिअरचा अर्धा तास माल शोधण्यात जातो, आणि दिझीत अर्धा तास म्हणजे खूप. संगीतकार दर भागाला नवं संगीत देत नाही. तो पात्रांच्या थीम आणि त्यांची स्टेम, म्हणजे सुटे ट्रॅक, देऊन ठेवतो: नुसत्या तंतुवाद्यांची, नुसत्या तालाची. संकलकानं दृश्य कापताना हेच तुकडे वापरले तर पुढचं काम निम्मं होतं. परक्या चित्रपटाचं टेम्प, म्हणजे तात्पुरतं, संगीत टाकलं की दिग्दर्शकाचा कान त्यावर बसतो आणि शेवटच्या रात्री भांडण होतं.

दोन पात्रं एकमेकांकडे बघत उभी आणि मागे तंतुवाद्यं, हा प्रसंग दिझीत इतका वेळ का चालतो, असं लोक हसत विचारतात. मिनिटं भरायची असतात, हे खरंच. पण अशी नजर लांबवणं हे कसबाचं काम आहे. बघणाऱ्याचा विचार बदलला हे दिसेल त्या फ्रेमवरच समोरच्याच्या चेहऱ्यावर जायचं. विचार बदललाच नसेल तर शॉट लांबवून उपयोग नाही, तिथे हात, दार, खिडकी असा तिसरा शॉट लागतो.

टीव्हीच्या प्रतीत आणखी एक काम वाढतं. सिगारेट दाखवायला कायद्यानं बंदी आहे, म्हणून ती ब्लर होते, दारूचा पेलाही झाकला जातो, शिवी बीप होते. ब्लर नेहमी वेगळ्या व्हिडिओ ट्रॅकवर ठेवा, मूळ क्लिपवर लावू नका. कारण परदेशात जाणारी प्रत ब्लरविना लागते. शिवाय परदेशासाठी एका भागाचे बहुधा ४५ मिनिटांच्या आसपासचे तीन भाग होतात, म्हणजे दोन नवे शेवट शोधावे लागतात. नेमका तो कट संगीताच्या मधोमध येतो. स्टेम जपून ठेवली असतील तर संगीत सुबक संपवता येतं, नाहीतर फेडआउटची पाचर मारावी लागते आणि ती ऐकू येते.

परदेशी विक्रीमुळे एम अँड ई ट्रॅक, म्हणजे संवाद वगळून संगीत व इतर सगळे आवाज असलेला ट्रॅक, हा सेस्चीच्या करिअरचा मोठा भाग झालाय. इथे तुर्की चहाचं उदाहरण घेतो. तो लहान, मध्ये निमुळता काचेचा पेला आणि त्यात खळखळणारा चमचा जवळजवळ प्रत्येक घरगुती दृश्यात असतो. त्या खळखळीचं बळ साधारण त्याच उंच पट्ट्यात असतं जिथे स, श, त, च यांची स्पष्टता असते. चमचा वाक्यावर पडला की ईक्यू (ठरावीक पट्ट्यातला आवाज कमीजास्त करणारं साधन) लावून सुटका नाही. चमचा कापावा तर व्यंजनं जातात. म्हणून बशीखाली फेल्ट लावायचा, क्लोजअपमध्ये चमचा न ढवळता नुसता धरायचा, आणि खळखळ वेगळी मुद्रित करून घ्यायची. आता संवाद काढून टाकला की त्याच माइकमध्ये आलेला पेला, खुर्ची, पाऊल, सगळं जातं आणि डब केलेली मालिका पोकळ वाटते. तेव्हा संवाद संपादित करतानाच दोन वाक्यांमधला सुटा आवाज उचलून वेगळ्या ट्रॅकवर टाकायचा आणि वाक्याखाली दबलेला फॉलीत, म्हणजे स्टुडिओत हातानं आवाज करून, नव्यानं करायचा. हे पहिल्या भागापासून करावं. ३६ भागांचा हंगाम आणि १३० मिनिटांचा भाग धरला तर ७८ तासांचा माल होतो. तो विक्री ठरल्यावर मागे जाऊन भरणं ही शिक्षा आहे.

आता भाषा. परका संकलक तुर्कीत पहिली ठेच इथेच खातो. तुर्की क्रियापद वाक्याच्या शेवटी येतं, आणि काळ, पुरुष, नकार हे सगळे प्रत्यय त्यालाच चिकटतात. मराठी माणसाला हे नवं नाही, आपलंही क्रियापद शेवटीच. इंग्रजी संवाद कापण्याची सवय असलेला माणूस वाक्याचा अर्थ आला असं समजून शेवटचा शब्द ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर टाकतो. तुर्कीत तोवर होकार की नकार हेच ठरलेलं नसतं. त्याहून बारीक गोष्ट आघाताची. ‘गेल्मे’ या शब्दात जोर ‘गेल’वर असेल तर अर्थ ‘येऊ नकोस’, आणि जोर ‘मे’वर असेल तर ‘येणं’. दोन टेकमधली अक्षरं जोडून वाक्य दुरुस्त करताना अक्षर बरोबर आणि जोर चुकीचा बसला की अर्थ उलटा होतो. तुर्की येत नसेल तर अक्षरपातळीचं संवादसंपादन करू नका, स्थानिक असिस्टंटला शेजारी बसवा.

दुसरी ठेच अजानची, तिथल्या उच्चारात ‘एझान’. इस्तंबूलमध्ये बाहेर शूट करताना दिवसातून अनेकदा ती कुठल्यातरी टेकमध्ये येणारच, आणि आसपासच्या मशिदींमधून थोड्या थोड्या अंतरानं सुरू होणार. बहुतेक युनिटं तेवढा वेळ थांबतात. तरी दूरचा एखादा सूर एका टेकमध्ये राहतो, दुसऱ्यात नसतो, आणि कटवर तुटतो. लेपलचा ट्रॅक स्वच्छ असेल तर तो घ्यायचा. नसेल तर वेगळी मुद्रित केलेली अजान वाइड शॉटपासून अख्ख्या दृश्याखाली अखंड घालायची, म्हणजे तुटलेले तुकडे तिच्यात बुडतात. पण घालताना वेळ बघायची. परंपरेनं पहाटेची अजान ‘सबा’ मकाममध्ये (मकाम म्हणजे आपल्या रागासारखं) आणि सूर्यास्ताची ‘सेगाह’मध्ये म्हणतात. संध्याकाळच्या दृश्यावर लायब्ररीतली पहाटेची अजान टाकली तर आपल्याला कळणार नाही, इस्तंबूलच्या प्रेक्षकाला मात्र भर दुपारी भैरव ऐकल्यासारखं वाटेल. काळाचंही भान हवं. १९३२ ते जून १९५० या काळात तुर्कस्तानात अजान अरबीऐवजी तुर्कीत दिली जाई. १९४० च्या दशकातल्या कथेवर अरबी अजान घातली की ती चूक पडद्यावर कायमची राहते.

तांत्रिक घोळांपैकी तीन पुन्हा पुन्हा दिसतात. पहिला फ्रेमरेटचा. आपल्यासारखाच तिथेही टीव्ही २५ फ्रेमवर आणि सिनेमा २४ वर. २४ चा चित्रपट नुसता २५ वर चालवला तर १२० मिनिटांचा ११५ मिनिटं १२ सेकंदांचा होतो आणि सूर साधारण पाऊण सेमीटोन चढतो. बोलण्यात चटकन कळत नाही, गाण्यात आणि ओळखीच्या नटाच्या आवाजात कळतं. म्हणून पहिल्या दिवसाच्या शूटिंगआधी अंतिम प्रत कुठे जाणार हे लेखी ठरवून घ्या.

दुसरा घोळ फाइलच्या नावांचा. तुर्की लिपीत टिंब असलेला आणि नसलेला असे दोन वेगळे ‘आय’ आहेत. पटकथेत आतल्या दृश्याला ‘इच’ आणि बाहेरच्याला ‘दिश’ लिहितात. पहिल्यात टिंबवाला ‘आय’ येतो, दुसऱ्यात बिनटिंबाचा. क्लिपचं नाव तसंच ठेवलं की एएएफ (टाइमलाइन संकलकाकडून साउंडकडे नेणारी फाइल) साउंडच्या मशिनवर उघडताना माल ‘ऑफलाइन’ दिसतो, कारण दोन्ही मशिनं ते अक्षर वेगवेगळं वाचतात. नावांत फक्त साधी इंग्रजी अक्षरं, आकडे आणि अंडरस्कोअर ठेवा. एएएफ देताना प्रत्येक क्लिपला दोन्ही बाजूंनी किमान ५ सेकंदांचं हँडल, म्हणजे कटच्या पलीकडचा जादा माल, ठेवा, आणि चित्र सुरू होण्याच्या बरोबर २ सेकंद आधी एका फ्रेमचा बीप. तो नसेल तर दोन फ्रेमची चूक सापडायला दुपार जाते.

तिसरा घोळ पातळीचा. युरोपीय प्रसारणाचा मापदंड उणे २३ एलयूएफएस (कानाला जाणवणाऱ्या पातळीचं एकक) हा संपूर्ण कार्यक्रमाची सरासरी धरतो, तर नेटफ्लिक्सचा उणे २७ फक्त संवादाची. दिझीत संगीत सतत आणि मोठं असतं. सरासरी उणे २३ वर आणताना संगीतामुळे सगळंच खाली ओढलं जातं आणि संवाद दबतो. मग एकच मिक्स ४ डेसिबलनं खालीवर करून दोन्हीकडे पाठवला की एकीकडून परत येणारच. स्टेमवरून दोन वेगळे मिक्स करावे लागतात.

हक्कांबद्दल भाबडं राहू नका. तुर्कस्तानच्या ५८४६ क्रमांकाच्या स्वामित्व कायद्यात चित्रपटाचे सहकर्ते म्हणून दिग्दर्शक, मूळ संगीताचा संगीतकार, पटकथाकार आणि संवादलेखक यांची नावं आहेत, ॲनिमेशनमध्ये ॲनिमेटरचंही. संकलक आणि साउंड डिझायनर त्यात नाहीत. तुम्हाला जे मिळेल ते करारातूनच. म्हणून करारात चार गोष्टी आकड्यांत लिहून घ्या: संकलनाचे आठवडे, बदलांच्या फेऱ्या, पिक्चर लॉकनंतरच्या (चित्राचं संकलन पक्कं झाल्यानंतरच्या) बदलाचा दर, आणि श्रेयनामावलीतलं नेमकं पद. शेवटचा हप्ता ‘प्रदर्शनानंतर’ असू नये, प्रत सुपूर्द करण्याशी जोडलेला असावा. महोत्सवी चित्रपटांचा पैसा सांस्कृतिक मंत्रालयाचं साहाय्य आणि युरोपीय सहनिर्मिती असा तुकड्यांत येतो. तुर्कस्तान १९९० पासून युरीमाजमध्ये, म्हणजे युरोपीय सहनिर्मितीला पैसा देणाऱ्या निधीत, आहे. सहनिर्मितीत दुसऱ्या देशाचा पैसा बऱ्याचदा त्या देशातच खर्च करावा लागतो, आणि तो सोयीनं पोस्ट-प्रॉडक्शनवर होतो. म्हणून तुर्की चित्रपटांच्या साउंडवर जर्मन, फ्रेंच नावं दिसतात. स्थानिक सेस्चीची हीच जुनी तक्रार आहे, आणि ती रास्त आहे.

शिक्षणासाठी इस्तंबूलमधलं मिमार सिनान विद्यापीठाचं सिनेमा-टीव्ही केंद्र जुनं आणि नावाजलेलं. ध्वनीकडे जायचं तर इस्तंबूल तांत्रिक विद्यापीठाचं संगीत केंद्र ‘मियाम’. पण पदवीपेक्षा असिस्टंटगिरी मोजली जाते: आधी दिझीत सिंक आणि माल लावणं, मग एखाददुसरं दृश्य, मग सहसंकलक. परदेशी माणसासाठी वर्क परमिटचा अर्ज नोकरी देणाऱ्यानं करायचा असतो, आणि एका परदेशी कर्मचाऱ्यामागे पाच तुर्की नागरिक कामावर असावेत हा सर्वसाधारण निकष आहे. लहान पोस्ट स्टुडिओ इथेच माघार घेतात. तेव्हा पुण्याच्या एफटीआयआयमधून किंवा तशाच संस्थेतून बाहेर पडून थेट इस्तंबूल गाठण्यापेक्षा मुंबईतलं दार जवळचं आहे. ‘फातमागुल’सारख्या तुर्की मालिका २०१५ पासून झिंदगी वाहिनीवर हिंदीत दिसू लागल्या, आणि त्या डबिंगचा कच्चा माल म्हणजे हाच एम अँड ई. त्यावर काम करताना पोकळ जागा कुठे आहेत आणि कुठे चमचा वाजायला हवा होता याची यादी टाइमकोडसह करत जा. इस्तंबूलच्या साउंड सुपरवायझरला शोरीलबरोबर अशी एक यादी पाठवली तर ती तो शोरीलच्या आधी वाचेल.